सॅक किती वेळा उघडली?

एका मैत्रिणीचा मेसेज आला, पहिल्यांदाच तीन दिवसांच्या ट्रेकला चाललीये, सॅक कशी भरायची ते जरा सांग ना, दोन ओळींत. दोन ओळींत म्हणे! मी टाईप करायला बसले आणि थोड्या वेळाने बघते तर मेसेज इतका लांबलेला की वाचून तिने जायचंच रद्द केलं असतं. मग म्हटलं एकदा नीटच लिहू, तिच्यासाठी पण आणि माझ्यासाठी पण, कारण दर वेळी निघायच्या आदल्या रात्री मी स्वतःच अर्धं विसरलेली असते.

सुरुवात माझ्या फजितीपासून करते, म्हणजे पुढचं का सांगतेय ते कळेल. ट्रेकिंग सुरू करून तेव्हा मला वर्षही झालं नव्हतं. संध्याकाळची वेळ, दिवसभर पावसाची रिपरिप, मुक्कामाची जागा अजून अर्धा-पाऊण तास लांब, आणि ढग असे खाली उतरलेले की अंधार वेळेच्या आधीच पडला. सगळ्यांनी हेडटॉर्च काढल्या. माझी सॅकमध्ये होती. सॅकमध्ये कुठे, तर पार तळाशी, स्लीपिंग बॅगच्या पोटात. का? तर टॉर्च रात्री लागते, स्लीपिंग बॅगही रात्रीच लागते, म्हणून दोघी शेजारी शेजारी. भरताना हे लॉजिक मला फार हुशारीचं वाटलं होतं. तर भर पावसात एका दगडावर मी सगळा संसार मांडला, कपडे, खाऊच्या पुड्या, टॉवेल, वही (हो, वही नेली होती, डायरी लिहिणार होते!), एकेक वस्तू बाहेर येतेय, एकेक ओली होतेय आणि मागे सात जण काही न बोलता उभे. शेवटी टॉर्च सापडली आणि ती चालूच होती. सकाळी सॅक दाबून भरताना तिचं बटण दाबलं गेलेलं आणि ती दिवसभर स्लीपिंग बॅगला उजेड दाखवत बसलेली. आता तिच्यात उजेड उरला होता तो एवढाच, की टॉर्च कुठे आहे ते दिसावं.

आमच्या ग्रुपमध्ये एक जण आहे, वयाने आणि डोंगरातल्या अनुभवाने सगळ्यांत मोठा, सगळे त्याला दादाच म्हणतात. मला वाटलं आता बोलणी बसणार. पण तो काहीच बोलला नाही, सॅक न उतरवता शेजारच्याला म्हणाला माझ्या वरच्या कप्प्यात डावीकडे जादा टॉर्च आहे ती काढून हिला दे, आणि दोन सेकंदांत टॉर्च माझ्या हातात. रात्री मुक्कामाला मी कपडे पिळत बसले होते तेव्हा तो शेजारी येऊन बसला आणि एवढंच विचारलं, "आज सॅक किती वेळा उघडलीस गं?" मी बोटांवर मोजलं. रेनकोट काढायला, रेनकोट ठेवायला, परत काढायला, खाऊ, टोपी, चिकटपट्टी, पाण्याची दुसरी बाटली, असं करत करत नऊ. म्हटलं, "आणि तू?" तर म्हणाला, "आत्ता उघडतोय की."

तेव्हापासून सॅक बरी भरली की वाईट ते मी या एका आकड्यावर ठरवते. सकाळी मोठा कप्पा बंद केला की तो मुक्कामाला पोचेपर्यंत उघडायचा नाही. बाकीचं सगळं, म्हणजे वजन कुठे ठेवायचं, पावसाचं काय, हे येतंच, पण त्याच्या मागोमाग. कारण एकदा उघडायची म्हणजे काय काय होतं बघा ना, थांबा, उतरवा, वरचं काढून हातात धरा नाहीतर चिखलात ठेवा, हवं ते शोधा, मग सगळं परत कोंबा, आणि सकाळी निवांतपणे लावलेलं वजन आता कसंही बसणार आणि उरलेला दिवस सॅक एका खांद्याला ओढत राहणार. घामेजलेलं अंग तोवर गार पडतं ते वेगळंच. आणि जमिनीवर काढून ठेवलेल्यातलं काहीतरी तिथेच राहतं. माझा एक चष्मा अजून कुठल्यातरी खिंडीत आहे.

तर भरायला सुरुवात कशी करायची. सॅकपासून नाही. सॅक बाजूला ठेवायची, जमिनीवर चादर अंथरायची आणि न्यायचं ते सगळं त्यावर मांडायचं. मग त्याचे तीन ढीग करायचे: चालता चालता लागणारं, अचानक लागू शकणारं, आणि पोचल्यावर लागणारं. लक्षात घ्या, कपडे एकीकडे, खाणं एकीकडे असे वस्तूंच्या जातीनुसार ढीग नाही करायचे, कपाट लावतो तसं सॅक लावायला गेलं की माझ्या टॉर्चसारखं होतं. रेनकोट आणि रात्रीचा कोरडा टीशर्ट हे दोन्ही कपडेच, पण एक डोंगरावर कधीही दोन मिनिटांत लागेल आणि दुसरा संध्याकाळपर्यंत दिसलाही नाही तर चालेल. खाण्याचंही तेच, आजच्या दिवसाचा खाऊ वेगळा, परवाच्या रात्रीचं जेवण वेगळं, आणि परवाचं जेवण आज वर असायचं काही कारण नाही. मांडून झालं की मोबाईलवर त्याचा फोटो काढून ठेवते मी. पुढच्या वेळी यादी करायचा कंटाळा आला की तोच फोटो बघून भरायचं.

पोचल्यावर लागणाऱ्या ढिगातलं हलकं आणि मोठं सामान तळाशी. म्हणजे स्लीपिंग बॅग, झोपायचे कपडे. इथे एक गोष्ट मला फार उशिरा कळली. मी स्लीपिंग बॅग नीट घडी घालून, गुंडाळून, तिच्या छोट्याशा पिशवीत पट्टे आवळून आवळून एकदम दगडासारखी करायची आणि मग म्हणायची बघा केवढीशी झाली. पण असा घट्ट गोळा गोल सॅकमध्ये ठेवला की त्याच्या आजूबाजूला पोकळ्या राहतात, आणि त्या पोकळ्यांत काहीच नीट बसत नाही. असे तीन गोळे केलेत तर पोकळ्याच पोकळ्या. त्यापेक्षा स्लीपिंग बॅग एका जरा मोठ्या, सैल वॉटरप्रूफ पिशवीत मुठी मुठीने कोंबायची आणि सॅकच्या तळाला कोपऱ्यांपर्यंत दाबून बसवायची, ती स्वतःच जागा घेते. कोंबणं अडाणीपणाचं वाटतं पण उलट घडी घातली की दर वेळी त्याच रेघांवर मोडते आणि आतलं भरण तिथे मरतं. फक्त घरी आल्यावर तिला कोंबलेलीच ठेवू नका, मोकळी टांगून ठेवा, नाहीतर पिसांची असो की सिंथेटिक, फुगायचीच बंद होते आणि न फुगणारी स्लीपिंग बॅग म्हणजे नुसती चादर.

पोकळ्यांवरून आठवलं, रिकामं भांडं सॅकमध्ये नेणं हा गुन्हा आहे. भांड्यात स्टोव्ह, काडेपेटी, मसाल्याच्या पुड्या, काहीही भरा. हेल्मेट असेल तर हेल्मेटच्या आत मऊ जॅकेट. मोजे कुठेही घुसतात, त्यांना वेगळी पिशवी द्यायची गरज नाही.

आता जड सामान. हे बहुतेकांना उलटं वाटतं, जड ते खाली ना, गोणी भरतो तशी! तर नाही. जड ते सॅकच्या मधल्या भागात आणि पाठीला चिकटून. तंबू, जेवणाचा शिधा, जादा पाणी, हे सगळं तिथे. का ते एकदा करून बघा, पाण्याची भरलेली एक लीटरची बाटली छातीशी धरून उभं राहा, काही वाटणार नाही. आता तीच हात लांब करून धरा. बाटली तीच, वजन तेवढंच एक किलो, पण मिनिटाभरात खांदा बोलायला लागतो. सॅकमध्ये हेच होतं, जड वस्तू पाठीपासून लांब, बाहेरच्या कप्प्यात ठेवली की ती तुम्हाला मागे खेचते, मग तुम्ही तोल सांभाळायला कमरेतून पुढे वाकता, आणि दिवसभर वाकून चाललात की संध्याकाळी सॅकला शिव्या देता. तळाशी ठेवलं तर सगळं ओझं ढुंगणावर लोंबतं. फार वर ठेवलं तर सपाटीवर छान वाटतं पण दगडाधोंड्यांतून उतरताना डोकं जड झाल्यासारखं होऊन तोल जातो, म्हणून वाट नसलेल्या, हाताचा आधार घेत चढायच्या जागी जाणार असाल तर जड सामान नेहमीपेक्षा थोडं खाली घ्या. आणि जड वस्तूचा कोपरा पाठीत टोचणार नाही ना ते सॅक घालून, जरा उड्या मारून घरीच बघायचं, डोंगरात नाही.

डावं-उजवं पण सारखं हवं. यात एक गंमत होते, दोन्ही बाजूंच्या कप्प्यांत एकेक लीटर पाणी घेऊन निघतो आणि सवयीने उजव्या हाताला येते त्याच बाटलीतलं पितो. दुपारपर्यंत उजवीकडे शून्य आणि डावीकडे एक किलो. मग खांदा दुखतो आणि आपण म्हणतो सॅकच खराब. थांबलो की बाटल्यांची अदलाबदल करायची, बस्स. नळीवाली पाण्याची पिशवी पाठीला लागून राहते म्हणून वजनाला ती उत्तम, पण किती पाणी उरलंय ते दिसत नाही आणि भरायची म्हटलं की सॅक उघडावी लागते, आणि माझा तर आकड्याचा हट्ट आहे, त्यामुळे मी बाटलीवाली.

वजन खांद्यांनी उचलायचं नसतं, कमरेने उचलायचं असतं, हे मी दहा वेळा ऐकलं होतं पण सॅकच्या कमरपट्ट्याला मी शोभेची वस्तू समजत होते. खरं तर माणसाने पाठीवर ओझं वाहणं किती जुनं, पण नेहमीच्या ट्रेकरच्या सॅकमध्ये ते ओझं कमरेवर उतरवायची नीट सोय आली ती तशी अलीकडची. १९५२ मध्ये डिक केल्टी नावाच्या माणसाने अ‍ॅल्युमिनियमची चौकट आणि कमरेचा पट्टा असलेल्या सॅक बनवून विकायला सुरुवात केली, आणि १९६७ मध्ये ग्रेग लो या क्लाइंबरने चौकट सॅकच्या आत घेतली, म्हणून आज आपली सॅक पाठीला चिकटून बसते आणि कड्यावर मागे डुलत नाही. पट्टा बांधायचा तो पोटावर नाही, बेंबीवर तर नाहीच, कमरेच्या दोन्ही बाजूंना जी हाडं हाताला लागतात त्यांच्यावर त्याचा मधला भाग बसला पाहिजे.

आणि बांधायचा क्रम असतो, उलटा केला की सगळं बिघडतं. आधी सगळे पट्टे सैल सोडायचे. सॅक वरच्या हँडलने उचलून गुडघा-मांडीवर टेकवायची, एक हात घालायचा, मग वळून दुसरा. एका खांद्याच्या पट्ट्याला धरून गर्रकन फिरवून पाठीवर घेतात ना लोक, दिसायला भारी असतं पण शिवण त्याच जागी उसवते आणि पाठही तिथेच उसण भरते. मग पहिला कमरपट्टा घट्ट. मग खांद्यांचे पट्टे, ते फक्त सॅक अंगाला लागेल इतके. मग खांद्यांच्या वरून सॅकच्या टोकाकडे जाणारे ते दोन बारीक पट्टे, जे बरेच जण आयुष्यभर ओढत नाहीत, ते हलकेच ओढायचे, साधारण ४५ अंशांत तिरके दिसले पाहिजेत. शेवटी छातीचा. बरोबर झालं का ते बघायची खूण म्हणजे खांद्याच्या पट्ट्याखाली बोट सहज गेलं पाहिजे. गेलं नाही तर वजन अजून खांद्यावरच आहे. एवढं करूनही बसत नसेल तर सॅक तुमच्या मापाची नाही. मापाचा संबंध उंचीशी नाही, पाठीच्या लांबीशी असतो, मान पुढे वाकवल्यावर मानेच्या तळाशी जे हाड वर येतं तिथून कमरेच्या हाडांच्या रेषेपर्यंत. माझ्यापेक्षा वीतभर उंच मैत्रीण आणि मी, दोघींची पाठ अगदी सारख्या मापाची निघाली होती.

छातीच्या पट्ट्याच्या बकलला बऱ्याच सॅकमध्ये शिट्टी असते, ती एकदा शोधून ठेवा. मिनिटात सहा वेळा वाजवायची, मग मिनिटभर थांबायचं, परत सहा, हा डोंगरातला मदतीचा इशारा आहे, आणि ऐकू आली तर उत्तर म्हणून मिनिटात तीन वेळा वाजवतात. आणि नदी-ओढा ओलांडताना कमरेचा आणि छातीचा पट्टा सोडायचा, पाय घसरला तर सॅक टाकून देता आली पाहिजे. हे पॅकिंगमध्ये येत नाही पण सांगितल्याशिवाय राहवत नाही.

परत कप्प्यांकडे. वरच्या झाकणाचा कप्पा हा सगळ्यात मोलाचा आणि तिथेच सगळे कचरा भरतात. माझ्याकडे तिथे हेडटॉर्च (बटण लॉक करून, ज्या टॉर्चला लॉक नाही तिचा एक सेल उलटा घालून), प्रथमोपचाराची पुडी, नकाशा, सनस्क्रीन, टोपी आणि आजचा खाऊ. टॉयलेट पेपर आणि छोटं खुरपं पण तिथेच, याची गरज आधी कळवून येत नाही. रेनकोट समोरच्या जाळीत, मोठ्या कप्प्यात कधीच नाही. गरम जॅकेट मोठ्या कप्प्यातच पण अगदी वर, एवढी एक सूट मी घेते. फोन कमरपट्ट्याच्या खिशात, पण कडक थंडीत तो खिसा बंद करून फोन अंगातल्या खिशात, थंडीने बॅटरी बघता बघता उतरते.

पावसाचं कव्हर नावाची जी वस्तू सॅकबरोबर येते तिच्यावर माझा काडीचा विश्वास नाही. पाठीकडची बाजू उघडीच राहते, तिथून पाणी झिरपत तळाला जमतं, आणि वाऱ्यात ते कव्हर पतंगासारखं फडफडतं, आमच्यातल्या एकाचं तर उडून दरीत गेलं आणि सगळे त्याला टाटा करत होते. त्यापेक्षा सॅकच्या आत एक मोठी जाड प्लास्टिकची पिशवी घालायची, तोंड चांगलं लांब असलेली, सगळं सामान त्या पिशवीत, आणि शेवटी हवा काढून तोंडाला पीळ देऊन खाली दुमडायचं. सॅक भिजेल, भिजू दे, आतलं कोरडं. ओला तंबू, ओला रेनकोट हे मात्र त्या पिशवीच्या बाहेर. पिसांची स्लीपिंग बॅग असेल तर तिला वेगळी पिशवी असतेच, तरी ही दुसरी पण हवी, पिसं एकदा भिजली की गोळा होऊन बसतात आणि ऊब संपली. स्टोव्हचं इंधन बाटलीतलं असेल तर बाटली उभी, झाकण घट्ट, आणि जेवणाच्या खाली, वर नाही. वर ठेवली आणि गळली तर काय होतं ते मी एका रात्री खाल्लंय.

बाहेर लटकवायचं नाही. कप, चप्पल, टॉवेल, कॅरीमॅट (खाली अंथरायची फोमची चटई) आडवी, सगळं लोंबतंय आणि माणूस चालतोय घंटा बांधलेल्या बैलासारखा. झुडपात अडकतं, तोल जातो, पडून हरवतं. आत मावत नाही म्हणून बाहेर लटकतं, आणि मावत नाही कारण सामान जास्त आहे, सॅक लहान नाहीये. मोठी सॅक घेतली की तीही भरते, हे अनुभवाचे बोल आहेत, माझी ६५ लीटरची विकून मी ४८ ची घेतली आणि एकही वस्तू कमी पडली नाही.

आता क्लाइंबिंगला जाताना मात्र हिशोब थोडा बदलतो, कारण तिथे सॅक मुक्कामाला नाही, कड्याच्या पायथ्याला उघडते आणि एकदम रिकामी होते. म्हणून आकडा एक. पण ती एक वेळ अशी हवी की ज्या क्रमाने वस्तू वर येतील त्याच क्रमाने अंगावर चढतील. सगळ्यात वर हेल्मेट, कारण कड्याच्या पायथ्याशीच वर चढत असलेल्यांच्या पायाने सुटलेले दगड येतात आणि आपण तिथे बोडक्या डोक्याने शूज बदलत बसलेलो असतो. हेल्मेट बाहेर टांगून नेऊ नका, विशेषतः थर्मोकोलसारख्या फोमचं असेल तर. वाटेत ते प्रत्येक दगडावर आपटतं, आणि जे डोकं वाचवायला घेतलंय ते सॅक वाचवण्यातच खर्ची पडतं. मग हार्नेस, म्हणजे रोप बांधायचा कमरेचा-मांड्यांचा पट्टा, मग क्लाइंबिंग शूज, मग लोखंड. लोखंड आपलं म्हणायला, असतं अ‍ॅल्युमिनियमच, पण बारा क्विकड्रॉ (रोप अडकवायच्या क्लिपांच्या जोड्या) म्हटलं तरी एक-सव्वा किलो होतात, त्यामुळे ते मध्यभागी पाठीजवळ, सगळे एका स्लिंगमध्ये (मजबूत पट्टीच्या बंद वेढ्यात) ओवून, जॅकेटमध्ये गुंडाळून. सुटे टाकलेत तर एकमेकांत असे गुंततात की पायथ्याला पंधरा मिनिटं कोडं सोडवत बसायचं.

रोप ही वेगळीच भानगड. ६० मीटरचा, ९.८ मिलीमीटर जाडीचा रोप पावणेचार किलोच्या आसपास भरतो, म्हणजे सॅकमधली सगळ्यात जड एकच वस्तू. मी तो सॅकच्या वर, झाकणाखाली घेते, दोन्ही बाजूंना सारखा उतरवून, आणि झाकणाच्या पट्ट्याने आवळते. वजन थोडं वर जातं हे खरं, पण आतली जागा वाचते आणि पायथ्याला तो पहिल्याच झटक्यात सुटतो. दादाला हे पटत नाही, तो रोप आत पाठीजवळ घालतो, मातीत घासू नये म्हणून. त्याचंही खरं आहे, मातीचे कण आत शिरले की रोप आतून कातला जातो. आमचं यावर एकमत होणार नाही. एका गोष्टीवर मात्र आहे, रोप आणि स्लिंग कधीही अ‍ॅसिडच्या, बॅटरीच्या पाण्याच्या जवळपास जाता कामा नयेत, गाडीच्या डिकीतसुद्धा. त्याने नायलॉन मरतं आणि वरून बघून काही कळत नाही. चॉक बॅगला, म्हणजे पकडीसाठी हाताला लावायच्या पावडरीच्या थैलीला, मात्र प्लास्टिकची पिशवी आणि गाठ, नाहीतर सगळ्या सामानाला पावडर लागलेली असते, कॅमेऱ्याला सुद्धा.

अनेक टप्प्यांचा मोठा क्लाइंब असेल तर वर न्यायला वेगळी छोटी सॅक, १५-२० लीटरची, दोघांत एक, आणि ती मागून चढणाऱ्याने घ्यायची, लीड करणारा, म्हणजे पहिला चढणारा, मोकळा. तिचा कमरपट्टा काढून टाका किंवा मागे खोचा, नाहीतर तो हार्नेसच्या गिअर लूपवर, म्हणजे सामान अडकवायच्या कड्यांवर बसतो आणि नेमका हवा तो कॅराबिनर (क्लिप) त्याच्याखाली. आणि सॅक मानेच्या वर येईल इतकी भरू नका. घरी हेल्मेट घालून, सॅक पाठीवर घेऊन छताकडे बघा. हेल्मेट मागे सॅकला टेकलं की कड्यावर पुढची पकड दिसणार नाही. चिमणीत, म्हणजे अरुंद फटीत, पाठीवर सॅक घेऊन घुसूच नका, स्लिंगने हार्नेसच्या पुढच्या लूपला बांधून पायांखाली लोंबती सोडायची.

राहता राहिलं वजन. नेहमी सांगतात की मुक्कामाच्या ट्रेकला सॅक आपल्या वजनाच्या पाचव्या हिश्श्यात बसवा, साठ किलोच्या माणसाला बारा. हलकं जाण्याचं वेड असलेले लोक पाणी-खाणं-इंधन सोडून बाकी सगळं साडेचार किलोच्या आत आणतात, मी त्यातली नाही, मला उशी लागते. पण एमा गेटवूड यांची गोष्ट आठवली की लाज वाटते. ६७ वर्षांची ही बाई १९५५ मध्ये अमेरिकेतली तीन हजार किलोमीटरहून लांब अ‍ॅपलाचियन ट्रेल एकटी चालली, घरी शिवलेली डेनिमची थैली एका खांद्यावर टाकून. ना तंबू ना स्लीपिंग बॅग, पावसाला बाथरूमचा पडदा. अर्थात आपण तसं जायचं असं म्हणत नाहीये मी.

वजन कमी करायची वेळ निघताना नसते, परत आल्यावर असते. आंघोळ, झोप वगैरे झालं की सॅक परत त्याच चादरीवर ओतते आणि परत ढीग करते: वापरलं, वापरलं नाही, आणि वापरलं नाही पण असायलाच हवं. तिसऱ्यात प्रथमोपचार, जादा टॉर्च, शिट्टी, अंगावर घ्यायचं चंदेरी फॉईल, यांना हात लावायचा नाही, ते कधीच वापरावे लागू नयेत हीच इच्छा. दुसरा ढीग मात्र बघण्यासारखा असतो. माझ्यात लागोपाठ चार ट्रेक तीच जीन्स निघाली, रात्री घालायला म्हणून. वही तर सांगितलीच. शाम्पूची अख्खी बाटली. भीतीपोटी घेतलेल्या या सगळ्या वस्तू, काहीतरी लागलं तर, कुणीतरी मागितलं तर. सलग दोन वेळा या ढिगात आलेली वस्तू तिसऱ्यांदा नाही न्यायची, असा नियम केलाय आणि बहुतेक वेळा पाळते. उशी सोडून.

मागच्या ट्रेकला मला वाटलं होतं शून्यावर सुटणार. दुपारपर्यंत सगळं मस्त, रेनकोट जाळीतून, खाऊ झाकणातून, चेनला हात लावला नाही. जेवायला थांबलो आणि बघते तर दादा सगळे कप्पे चाचपतोय, चमचा विसरला होता. माझा चमचा भांड्यात, भांडं शिध्याखाली, शिधा जॅकेटखाली. काढला सगळा पसारा आणि दिला त्याला. जेवून, चमचा पुसून परत देताना म्हणतो, "ही एक तुझ्या खात्यात हां, माझी सॅक बंदच आहे."